पाठवणीच्या वेळचा फोटो मागा

प्रश्न: ताई, माझं लग्न येत्या वैशाखात आहे. मुहूर्त संध्याकाळी ६ वाजून ४० मिनिटांचा, कार्य नागपुरात, वर्धा रोडवरच्या एका लॉनवर. दुसऱ्या दिवशी सासरी, अमरावतीला स्वागत समारंभ. माझा रंग सावळा, त्वचा तेलकट, हनुवटीवर मुरमांचे डाग आहेत. मेकअपसाठी तिघी डोळ्यासमोर आहेत. एकीचे इन्स्टाग्रामवर खूप फॉलोअर्स आहेत, एक मैत्रिणीच्या लग्नात आली होती, आणि तिसऱ्या आमच्या गल्लीतल्या पार्लरच्या काकू. आई म्हणते काकूच बऱ्या. तिघींच्या दरात खूप फरक आहे. निवडायचं कसं?

उत्तर: तिघींनाही एकच गोष्ट माग. त्यांनी सजवलेल्या नवरीचा पाठवणीच्या वेळचा फोटो. मेकअप झाल्याबरोबर गोल दिव्यासमोर बसवून काढलेला नको, तो सगळ्यांचाच सुंदर येतो. अक्षता पडून झाल्या, होमाचा धूर डोळ्यात जाऊन झाला, दोनशे लोकांना नमस्कार झाले, आईच्या गळ्यात पडून रडून झालं, त्यानंतरचा चेहरा बघायचा. मी २२ वर्षं नवऱ्या सजवते आहे आणि माझं स्वतःचं काम मी त्या एकाच क्षणी तपासते. मुलगी गाडीत बसताना तिचा चेहरा तिचाच वाटत असेल, तर माझं काम झालं.

तो फोटो बघताना नजर कुठे न्यायची तेही सांगते. नाकपुड्यांच्या कडा, वरच्या ओठावरची जागा आणि डोळ्यांखालची बारीक रेष या तीन ठिकाणी बेस, म्हणजे फाउंडेशनचा थर, सगळ्यात आधी फुटतो. मग मुंडावळ्यांचा दोरा कपाळावर टेकतो तिथे बघ, पट्टा उमटलाय का. पापण्यांचा नाकाकडचा कोपरा बघ, खोट्या पापण्या तिथूनच उचलल्या जातात. शेवटी हनुवटीखाली मान कुठे सुरू होते ते बघ. फोटो नातेवाइकाच्या साध्या मोबाइलवरचा असेल तर उत्तमच, कारण त्यावर कुणी हात फिरवलेला नसतो. व्हिडिओ असेल तर अजून चांगलं. एखादी म्हणेल की ताई, नवऱ्यांचे फोटो मी पाठवत नाही. ते योग्यच आहे, दुसऱ्याच्या मुलीचे फोटो असे वाटायचे नसतात. मग तिच्याकडे जाऊन तिच्याच फोनवर बघ, किंवा मागच्या हंगामातल्या एखाद्या नवरीला विचारून तिच्याशी बोलणं करून द्यायला सांग. ज्या बाईकडे शेवटच्या तासाचा एकही फोटो नाही, ती मेकअप करून लगेच निघून जाते असं समज.

आता तुझ्या लग्नाचं. वैशाखातलं नागपूर म्हणजे दुपारी ४५ अंशांच्या आसपास पारा, आणि हवा कोरडी. मुंबई-पुण्याच्या मेकअपचे व्हिडिओ बघून आपल्या मुली मला "वॉटरप्रूफच पाहिजे" सांगतात. पण आपल्याकडे उन्हाळ्यात घाम येतो आणि तिथेच वाळतो. मुंबईत मेकअप वाहतो, आपल्याकडे तो तडकतो. तुझी त्वचा तेलकट आहे म्हणून कुणी पावडरचे थरावर थर देईल, आणि दोन तासांत तोंडाभोवती भेगा दिसतील. तेलकट त्वचेलाही आतून पाणी लागतं. हलकं, पाणीदार मॉइश्चरायझर, ते मुरायला १० मिनिटं, मग पातळ बेस, आणि पावडर फक्त कपाळ-नाक-हनुवटीवर. नंतर तेल आलं तर आधी टिश्यूने टिपायचं, पावडर त्याच्यानंतर. "तेलकट त्वचेला मॉइश्चरायझर लावायचंच नसतं" असं कुणी म्हणालं तर तिथून उठायला हरकत नाही.

आणि कूलर. यावर मी प्रत्येक घरी भांडते. नवरीची खोली गार राहावी म्हणून हौसेनं मोठा कूलर लावतात, खस भिजवतात. कूलर हवेत पाणी सोडतो. त्या दमट हवेत बेस सेट होत नाही, आणि गरम मशीनने घातलेले कर्ल अर्ध्या तासात सरळ होतात. नवरीच्या खोलीला एसी आहे का, तो चालतो का, आणि लाइट गेली तर जनरेटरवर ती खोली येते का, हे लॉनवाल्याला आत्ताच विचारून ठेव. बहुतेक लॉनवर जनरेटर मंडप आणि स्टेजसाठी असतो, खोल्यांचा विचार कुणी केलेला नसतो. जी आर्टिस्ट हे सगळं तुझ्याआधी स्वतःहून विचारेल, तिने आपल्या गावात उन्हाळ्याची लग्नं केली आहेत हे ओळखून घे.

एचडी आणि एअरब्रश या शब्दांपायी जास्त पैसे मोजू नको. एचडी हा शब्द कॅमेऱ्यावरून आला. जास्त बारकावे टिपणारे कॅमेरे आले, तेव्हा जाड थर उघडे पडायला लागले, म्हणून बारीक पोताची उत्पादनं निघाली. आज बाजारात ते बहुतेक वेळा नुसतं पॅकेजचं नाव असतं. एअरब्रशमध्ये छोट्या कॉम्प्रेसरवर चालणाऱ्या बंदुकीने पातळ बेस फवारतात. थर हलका बसतो, हात लागत नाही, फोटोत गुळगुळीत दिसतो. पण त्यावरून अश्रूंचा ओघळ गेला की रेघ उमटते आणि ती रेघ बोटाने दुरुस्त होत नाही. मुरमांचे डाग असतील तर आधी हाताने कन्सीलर लावावाच लागतो. तू रडणारी आहेस का, हे तुला माहीत. मी रडणाऱ्या मुलींना हाताने, ओल्या स्पंजने दाबून बसवलेला बेसच देते.

एक परीक्षा मात्र घरच्या घरी होते. ट्रायलनंतर खोली अंधारी करून मोबाइलच्या फ्लॅशने फोटो काढ. चेहरा मानेपेक्षा पांढरा, पीठ लावल्यासारखा आला तर पावडरमध्ये सिलिका जास्त आहे, किंवा खाली लावलेल्या सनस्क्रीनमधलं झिंक ऑक्साइड नाहीतर टायटॅनियम डायऑक्साइड प्रकाश परत फेकतंय. तुझं लग्न गोरज मुहूर्ताचं. अंतरपाटापर्यंत सूर्याचा तांबूस उजेड आणि मंगलाष्टकं संपेपर्यंत स्टेजचे एलईडी आणि फ्लॅश. एका तासात दोन वेगळे उजेड. दोन्हींत बघितल्याशिवाय हो म्हणू नको. माझ्याकडे बौद्ध विवाहांच्या नवऱ्याही खूप येतात, नागपुरात ते काम मोठं आहे. पांढऱ्या साडीत तर ही परीक्षा आणखी कडक होते. साडीचा पांढरा रंग प्रकाश चेहऱ्यावर फेकतो, चेहरा फिका पडतो, आणि गळ्याजवळ बेस पुसला गेला तर काठावर डाग दिसतो. पांढऱ्या साडीतली नवरी ज्या बाईने नीट सजवलीय, तिचा हात तयार आहे असं मी मानते.

सावळ्या रंगाबद्दल मला जरा थांबून बोलायचंय. तू प्रश्नात "माझा रंग सावळा" असं लिहिलंस, पुढे लगेच डाग लिहिलेस. जणू दोन्ही एकाच यादीत आहेत. ते तसं नाही. माझ्या सुरुवातीच्या काळात काटोलकडची एक मुलगी आली होती, तुझ्यासारखीच सावळी, डोळे इतके सुंदर की काजळाचीही गरज नव्हती. तिच्या आत्याने मला बाजूला घेऊन सांगितलं, "थोडी उजळ कर बाई, पोराकडचे लोक गोरे आहेत." मी केली. दोन शेड उजळ. मंडपात तिची आई समोर आली आणि म्हणाली, "बाप्पा, ओळखूच नाही येऊन राहिली माही पोरगी." पुढे अल्बम बघितला तर चेहऱ्याचा रंग एक, मानेचा दुसरा, हातांचा तिसरा, आणि चेहऱ्यावर राखेसारखी झाक. ती मुलगी काही बोलली नाही. तिचं ते गप्प राहणं मला अजून आठवतं. त्यानंतर मी कुणाच्याही सांगण्यावरून कुणालाही उजळ केलेलं नाही, आणि त्यापायी कामं सोडलीही आहेत.

सावळ्या त्वचेत पिवळसर, सोनेरी किंवा तांबूस झाक असते. ती झाक पकडून बेस लावला की त्वचा आतून उजळल्यासारखी दिसते. गुलाबी झाकेचा, फिका बेस लावला की राखाडी होते. डाग झाकायला आधी नारिंगी करेक्टरचा अगदी पातळ हात लागतो, नुसत्या फिक्या कन्सीलरने काळा डाग राखाडी दिसतो. आर्टिस्टने शेड कुठे लावून बघितली याकडे लक्ष दे. मनगटावर बघणारी चुकते. जबड्याच्या कडेला, खिडकीच्या उजेडात, मान आणि छाती दिसेल असं बघायला हवं. आपल्याकडच्या मुलींचं अजून एक असतं. स्कूटीवर चेहऱ्याला स्कार्फ गुंडाळून फिरता, त्यामुळे चेहरा वाचतो आणि कोपरापासून बोटांपर्यंत हात रापतात. हिरव्या चुड्याखाली तो फरक फार उठून दिसतो. ज्या बाईला हे कळतं ती चेहऱ्याचा बेस मानेशी जुळवते आणि हातांनाही हलका हात देते. तिघींना सरळ सांग, "मला माझ्याच रंगात सुंदर दिसायचंय." त्यावर तोंडावर काय भाव येतो ते बघ. "हो हो, पण थोडंसं तर करावंच लागतं" असं उत्तर आलं तर ती यादीतून वजा.

ट्रायल पैसे देऊनच घे. फुकटची ट्रायल म्हणजे बहुधा अर्ध्या चेहऱ्याचं घाईचं काम. लग्नाच्या महिना-दीड महिना आधी, शालूच्या रंगाच्या जवळचं काहीतरी अंगावर घालून, नथ आणि कानातले घेऊन जा. पुढून बटणं असलेला शर्ट किंवा कुर्ता घाल, डोक्यातून काढायचं काही नको. मेकअप झाल्यावर लगेच घरी जाऊन धुऊ नको. सहा तास ठेव. जेव, पाणी पी, दुपारी सीताबर्डीत दोन दुकानं फिर, आईशी भांडण झालं तर होऊ दे. त्या दिवशी स्कार्फ मात्र बांधू नको, तो सगळं पुसून नेतो, मग दोष कुणाचा ते कळत नाही. दर दोन तासांनी त्याच खिडकीपाशी, त्याच बाजूने फोटो काढ. संध्याकाळी ते फोटो ओळीने बघितलेस की मला विचारायची गरज उरणार नाही.

ट्रायलच्या आधी दोन दिवस कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूला तिचं फाउंडेशन आणि पापण्यांचा गोंद थेंबभर लावून घे. खाज, लाली, पुरळ उठायला ४८ तासही लागू शकतात. पापण्यांच्या काही गोंदांत लॅटेक्स असतं, ते अनेकींना सोसत नाही. मेंदीचंही तसंच. लवकर काळी चढते म्हणून विकली जाणारी मेंदी लावू नको, तिच्यात केस रंगवायचं रसायन असू शकतं आणि हातांवर फोड येतात. रंगीत लेन्स तर पार्लरमधून घेऊच नकोस. डोळ्यांच्या डॉक्टरांनी बघितल्याशिवाय, दुसऱ्या कुणी वापरलेली लेन्स घालून होमासमोर बसणं हा डोळ्यांशी खेळ आहे. यावर माझं मत बदलणार नाही.

पेटी उघडून दाखवायला सांगायला लाजू नको. ब्रश धुतलेले हवेत, नुसते पुसलेले नाहीत. लिपस्टिक आणि क्रीम छोट्या चपट्या पळीने स्टीलच्या प्लेटवर काढून घेतलं पाहिजे, थेट ओठांवर नाही. मस्काऱ्याची कांडी प्रत्येकीला नवी. डबीवर उघड्या झाकणाचं छोटं चित्र असतं, त्यात ६ किंवा १२ आकडा आणि एम असतो. उघडल्यापासून तितके महिने ती वस्तू चालते. परदेशी ब्रँडच्या वस्तूंवर आयातदाराचं नाव-पत्ता आहे का बघ. ठोक बाजारात हुबेहूब नकली डब्या मिळतात आणि त्यांनी चेहरे बिघडलेले मी बघितलेत. उन्हाळ्यात गाडीच्या डिकीत दिवसभर तापलेली पेटीही मला चालत नाही, क्रीम फुटतात. यातलं काही विचारल्यावर जी रागावते, ती उद्या तुझ्या चेहऱ्यावर काय लावेल याचा भरवसा कसा धरायचा?

आता सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न, जो मुली विचारतच नाहीत: "त्या तारखेला तुमच्याकडे आणखी किती नवऱ्या आहेत?" मोठ्या तिथीला, अक्षय्य तृतीयेच्या आसपास किंवा तुळशीच्या लग्नानंतरच्या पहिल्या मुहूर्तांना, नागपुरात एकाच संध्याकाळी सगळी लॉन भरलेली असतात. अधिक महिना आला की मुहूर्त आटतात आणि उरलेल्या तारखांवर अजून गर्दी होते. नाव असलेल्या बाईकडे अशा दिवशी तीन-चार बुकिंग असू शकतात. ती कोराडी रोडवर एक नवरी करणार, मग हिंगणा रोडवर दुसरी, आणि तुझ्याकडे वर्धा रोडला येताना ट्रॅफिकमध्ये अडकणार. किंवा येणारच नाही, सहायक मुलगी पाठवेल. सहायक मुली वाईट नसतात, मीही कधीकाळी तशीच होते. पण तू जिचं काम बघून पैसे दिलेस तीच यायला हवी. कोण येणार तिचं नाव, किती वाजता येणार, आणि निघणार कधी, हे तिघींकडून व्हॉट्सअॅपवर लिहून घे. आजारी पडली तर तिच्या जागी कोण येईल, हेही. ज्या बाईने "दोनच घेते त्या दिवशी, एक सकाळची आणि एक संध्याकाळची" असं सांगितलं, तिला मी दहा हजार फॉलोअर्सच्या वर ठेवेन.

वेळ उलटी मोज. मुहूर्त ६.४०. गौरीहर पुजायला तू पावणेसहाला बसायला हवीस, त्याआधी फोटोवाले अर्धा-पाऊण तास घेणार, म्हणजे पाच वाजता तयार. केसांना एक तास, चेहऱ्याला दीड, साडी आणि दागिन्यांना मिळून पाऊण तास. पाचातून हे वजा केलं तर पावणेदोन येतात, म्हणून दीड वाजता खुर्चीत बसायचं आणि त्याआधी पोटभर जेवून घ्यायचं. उपाशी नवरीचा चेहरा कितीही रंगवला तरी उतरलेलाच दिसतो. आईचा आणि बहिणीचा मेकअपही तिलाच सांगणार असशील तर सोबत दुसरी बाई आणायला लाव, नाहीतर तुझ्या दीड तासातून तो वेळ कापला जातो. केस करणारी आणि चेहरा करणारी वेगळी असेल तर उत्तम.

केसांबद्दल मुली फार उशिरा विचार करतात. फोटोत आवडलेला पुढचा उंच पफ मुंडावळ्या बांधल्या की दबतो. म्हणून ट्रायलला मुंडावळ्या, निदान एक दोरा तरी, बांधून बघ. केस स्मूदनिंग किंवा केराटिन केलेले असतील तर आधी सांग. असे केस घसरतात, कर्ल धरत नाहीत, त्यांना आदल्या रात्रीच वेगळी तयारी लागते. अंबाडा घालायचा ठरलं तर त्याचं वजन पिनांवर न येता खाली घट्ट बांधलेल्या पोनीवर आलं पाहिजे, नाहीतर रात्री आठला डोकं ठणकायला लागतं. वैशाखात मोगरा भरपूर मिळतो. सीताबर्डीच्या फुलबाजारातून गजरे दुपारी आणून ओल्या फडक्यात, एसीच्या खोलीत ठेवायचे आणि अगदी शेवटी माळायचे. सकाळी माळलेला गजरा गौरीहरापर्यंत पिवळा पडतो. शालू नेसताना ब्लाउज बदलणार असशील तर दोन्ही ब्लाउज पुढून हुकचेच शिव.

हळद शक्यतो आदल्या दिवशी सकाळी ठेव. आपल्याकडे मामे-मावस बहिणी चेहऱ्यावर थापतात, केसांत तेल ओततात, त्यात प्रेम आहे आणि मी त्याच्या आड येत नाही. पण हळदीचा पिवळेपणा त्वचेत एक-दोन दिवस राहतो, केसांच्या रेषेत आणि कानांमागे तर जास्तच, आणि त्यावर बेसची शेड चुकते. हळदीआधी चेहऱ्याला खोबरेल तेलाचा हलका हात लाव. धुताना आधी तेलानेच पुसून काढ, मग फेसवॉश, कारण हळदीचा रंग पाण्यापेक्षा तेलात सुटतो. फेशियल, ब्लीच, वॅक्स आदल्या आठवड्यात उरकून घे. नुकत्या सोललेल्या त्वचेवर हळद जास्त चढते. भुवया दोन दिवस आधी. नवं कुठलंही क्रीम शेवटच्या पंधरा दिवसांत सुरू करू नको, मग ते कुणीही सांगो.

दराचं बोलते. तिघींचे आकडे समोरासमोर ठेवून काही कळणार नाही, कारण त्या वेगवेगळ्या गोष्टींचे आकडे आहेत. प्रत्येकीला विचार: यात साडी नेसवणं आहे का, हेअर एक्स्टेन्शन आणि पापण्या आहेत का, फुलं कोण आणणार, लॉनपर्यंतचा प्रवास धरला का, दुसऱ्या साडीवरचा बदल आहे का, पाठवणीपर्यंत थांबण्याचे वेगळे पैसे आहेत का. सगळं जमेस धरलं की स्वस्त वाटणारी कधी कधी महाग निघते. आगाऊ रक्कम यूपीआयने दे आणि संदेशात तारीख लिही. तारीख पुढे गेली किंवा लग्न काही कारणाने थांबलं तर आगाऊ रकमेचं काय, हे तेव्हाच ठरवा. पैसे कमी असतील तर मी म्हणेन, महागडं पॅकेज सोड, पण शेवटपर्यंत थांबणारी बाई सोडू नको.

आता तुझ्या तिघी. पहिलीचं काम मी बघितलेलं नाही, त्यामुळे फॉलोअर्सवरून काही बोलत नाही. तिला किती नवऱ्या आणि कोण येणार, हे दोन प्रश्न विचार. मैत्रिणीच्या लग्नातली बाई तू स्वतः मांडवात बघितलीस, ती मोठी जमेची बाजू. पण मैत्रिणीचा रंग आणि लग्नाचा महिना आठव. जानेवारीच्या थंडीत टिकलेलं काम वैशाखात टिकेलच असं नाही. आणि काकू. आईचं म्हणणं मला सहज झटकावंसं वाटत नाही. काकूंना तुझी त्वचा दहा वर्षांपासून माहीत आहे, कुठलं क्रीम तुला लागतं हे कुणापेक्षा जास्त त्यांना ठाऊक. पाठवणीचा फोटो त्यांच्याकडेही माग, ट्रायलही घे. उत्तीर्ण झाल्या तर बिनधास्त त्यांनाच दे. नाही झाल्या तर थ्रेडिंग, वॅक्स, हळदीनंतरची सफाई आणि आईचा मेकअप त्यांच्याकडे ठेव, आणि हे त्यांना तू स्वतः घरी जाऊन सांग. दुसऱ्याकडून कळलं तर त्यांना लागेल.

अमरावतीचा स्वागत समारंभ राहिला. इथूनच बाई न्यायची तर रात्री मुक्काम, सकाळी प्रवास, खर्च दुप्पट होतो. मी बहुतेक मुलींना सांगते की तिथली चांगली बाई शोध आणि तिला तुझ्या बेसची शेड व लिपस्टिकचं नाव लिहून पाठव. पण त्याआधी त्या रात्रीचा मेकअप उतरायला हवा, आणि याचा विचार कुणीच करत नाही. मध्यरात्री नव्या घरात, अनोळखी बाथरूममध्ये दमलेली मुलगी तशीच झोपते आणि सकाळी चेहरा सुजलेला असतो. म्हणून मी पाठराखणीच्या हातात एक छोटी पिशवी देते. त्यात खोबरेल तेलाची बाटली, कापूस, मऊ टॉवेल, जाड दातांचा कंगवा. तिला सांगून ठेवते की अंबाड्यात किती पिना आहेत, मोजून काढ, वरून खाली. पापण्या ओढायच्या नाहीत, तेलात भिजवलेला कापूस मिनिटभर ठेवायचा, मग त्या आपोआप सुटतात. तुझी आर्टिस्ट ही पिशवी देते का विचार, नसेल देत तर तूच आजपासून भरायला घे.